द्रोणासकट लावलेली राई

तुम्ही आता ज्या सावलीत बसून पाणी पिताय ना, ती आडवणच्या सड्यावरची, म्हणजे गावावरच्या कातळाच्या पठारावरची, काजूची राई. खाली एक हात खणा, कुदळीला नुसता कातळ लागेल. तरी झाडं बघा कशी ऐसपैस पसरलीत. यातलं एकही झाड रोपवाटिकेतून आलेलं नाही. सगळी बियांपासून, आडवणच्या स्वयंपाकघरांत वाढलेली. चैत्र सरला की इथल्या प्रत्येक घरात चुलीच्या उबेला फणसाच्या पानांचे द्रोण मांडलेले दिसतात, आणि त्यांत माती घालून काजूच्या बिया टोचलेल्या असतात. द्रोणातून रोप उपटायचं नाही, हा इथला नेम. बाहेरचे लोक हसतात. हसोत बापडे, त्यांना आवडी नावाच्या इथल्या सुनेची गोष्ट ठाऊक नाही.

फार वर्षांपूर्वी हा सडा उघडाबोडका होता, असं सांगतात. पावसाळा आला की वरून खडी आणि लाल पाणी सुटायचं ते थेट खालच्या भातखाचरांत. लावणी केलेली शेतं चार दिवसांत दगडांखाली जायची. दरवर्षी तेच. शेवटी गावाचे मुख्य मानकरी दाजी गावकर यांनी देवळात सगळ्यांना जमवलं आणि गाव उठवायचं ठरवलं. देवीची तरंगं, म्हणजे तिच्या नावाच्या सजवलेल्या काठ्या, पुढे घालून सड्यापलीकडे खाडीकाठी नवा गाव वसवायचा. माणसं मान खाली घालून ऐकत होती. बोलणार कोण?

बोलली ती घाड्यांची सून, आवडी. तिचं माहेर असंच एकदा उठलं होतं, म्हणे. तेव्हा ती लहान होती. सगळे एकत्र राहू म्हणून निघालेली माणसं पोटामागे चार दिशांना पांगली, आणि माहेर म्हणून जायला तिला एक उंबरासुद्धा उरला नव्हता. सणाला शेजारणी माहेरी निघाल्या की ती विहिरीवर जाऊन रडायची. आपल्या लेकींच्या नशिबी हे नको, एवढंच तिच्या मनात होतं. ती उठली आणि देवीसमोर बोलली, की सड्यावर हिरवी झाडं उभी करीन आणि खडी अडवीन, तोवर केसात फूल माळणार नाही.

दाजी हसले. "काय गो आवडे, कातळाक पालवी फुटतली काय?"

"फुटतली, दाजीकाका. दोन पावसाळे द्या माका."

दिले. बाई हट्टी आहे, दमेल आणि गप्प बसेल, असा त्यांचा हिशेब असावा.

कातळाच्या भेगेतही तग धरतं ते काजूचं झाड, हे तिला माहीत होतं. पण बी उघड्या सड्यावर टाकावी तर पहिल्याच सरीला वाहून जाई. म्हणून तिने बिया घरीच रुजवायच्या ठरवल्या. पाण्यात टाकून तरंगतील त्या फेकल्या, बुडतील त्या मडक्यांत लावल्या. रोपं झकास आली. आषाढात तिने ती मडक्यांतून उपटली आणि सड्यावर नेऊन लावली. आठवड्यात सगळी माना टाकून बसली. काजूचं मूळ सोटासारखं सरळ खाली जातं. उपटताना ते तुटलं की रोप काही जगत नाही, पण हे तेव्हा कोणाला ठाऊक! गावात कुजबुज झाली, आणि आवडीला अन्न गोड लागेना.

पुढच्या वैशाखात सासू फणसाच्या पानांचे द्रोण माडाच्या हिरांनी, म्हणजे बारीक काड्यांनी टाचून त्यांत तांदळाच्या रव्याची गोड सांदणं वाफवत होती. आवडी वाढताना एकेक सांदण द्रोणातून सोडवायला गेली आणि ते फुटलं.

"अगो, सोडवतंस कित्याक? द्रोणासकट वाढ!" सासू खेकसली.

आवडी हातातल्या द्रोणाकडे बघतच राहिली. मग तिने तो तसाच नेऊन अंगणातल्या मातीने भरला आणि त्यात बी टोचली. पान कुजेल, मूळ आपोआप वाट काढील, रोपाला हातही लागणार नाही. सासूला कळलं तशी ती मुकाट्याने द्रोण टाचायला बसली. मग वाडीतल्या बायका एकेक करून आल्या. आषाढात सगळ्यांनी मिळून आपल्याच खाचरातली माती डोक्यावरून वर नेली, भेगांत भरली आणि द्रोणासकट रोपं लावली. प्रत्येक रोपाच्या वाऱ्याकडच्या बाजूला दगडांचा आडोसा केला.

त्या श्रावणात वादळ झालं ते असं, की घरांची कौलं उडाली. ओढा फुगून खाचरं पाण्याखाली गेली, खडी आली की नाही तेही कळेना, आणि सड्याची वाट बंद झाली ती दसऱ्यापर्यंत. रोपांचं काय झालं, कोणालाच माहीत नव्हतं. मुदत संपली होती. दाजींनी तरंगं उचलायला सांगितली. पोरांचा हात धरून आवडी मागून चालू लागली.

सड्यावर पोचताच तरंगं थांबली. धरणारे रेटतात, पण पाऊल पुढे पडेना, असं सांगतात. दाजी चिडून पुढे गेले आणि जागीच उभे राहिले. भेगाभेगांतून रोपं ताठ उभी होती आणि त्यांच्या आडोशांना लागून सगळी खडी अडली होती. दाजींचा विश्वास बसेना. त्यांनी वाकून एका रोपाला हिसडा दिला. मग दोन्ही हातांनी दिला.

"हलना नाय गो ह्या!" ते ओरडले. म्हाताऱ्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

मग काय विचारता! ढोल वाजले, तरंगं माघारी वळली. सासूने तरंगाची अबोली काढून सगळ्यांदेखत आवडीच्या केसात माळली. दाजींनी देवळात पाऊल टाकायच्या आधी सासूकडून द्रोण टाचायला शिकून घेतला, म्हणे. त्यांचे द्रोण वाकडे व्हायचे, ती गोष्ट वेगळी.

आजही आडवणची लेक सासरहून आली की आधी घरी जात नाही. सड्यावर येते, आपल्या घरच्या झाडाच्या बुंध्याला पाठ टेकून घटकाभर बसते, आणि खालून आई हाक मारते तेव्हा म्हणते, "इलंय गो, माहेराक पोचलंय!"