केरबानं भाजले मफिन

एका गावात केरबा नावाचा एक भोळा नवरा राहायचा. सांगाल तेवढंच करायचा, पण भलत्याच जागी करायचा.

त्याची बायको शेवंता. तिनं ओव्हन घेतला आणि हिरव्या चहाचे मफिन शिकली. त्या दुपारी हायवेवरच्या हॉटेलचे गुंडूशेठ चव बघायला येणार होते. आवडले तर घरबसल्या रोजचं काम, नाहीतर पुन्हा दुसऱ्याच्या रानात खुरपणी. बिचारीचा जीव टांगणीला लागलेला.

ती म्हणाली, "अहो, ही चहाची पूड पिठात घाला."

केरबानं घातली. चहाच तो, म्हणून वर दूध, साखर, आलं घातलं. पातेलं गॅसवर चढवलं आणि गाळणी घेऊन उभा राहिला.

"अहो, हा उकळायचा नसतो. चाळून घ्यायचं, मगच घालायचं."

"बरं. चाळून मगच घालायचं."

शेवंतानं नवं पीठ काढलं आणि म्हणाली, "आता अंडी घाला."

केरबानं अंडी चाळणीत घेतली आणि दणादण हलवली. बलक ओट्यावरून ओघळला. टरफलं वर राहिली.

"अंडी चाळतात होय? फोडायचं, आतलं घ्यायचं, वरचं फेकायचं."

"बरं."

मग तिनं लोण्याचा पुडा दिला. केरबानं फोडला, आतलं घेतलं, वरचा कागद फेकला. एवढं एक बरोबर जमलं. शेवंताला धीर आला, आणि तिथंच तिचं चुकलं.

मफिन ओव्हनमध्ये ठेवून ती म्हणाली, "मी शेजारून बशा आणते. दार मधेच उघडू नका, फुगलेलं खाली बसतं. घंटी वाजली की काडी टोचून बघा. कोरडी निघाली तर भाजलं. ओली निघाली तर पुन्हा आत ठेवा."

घंटी वाजली. केरबानं काडी टोचली. कोरडी. मफिन काय फुगले होते म्हणता!

तेवढ्यात गुंडूशेठ आले. देह मोठा, सदरा घामानं चिंब. खुर्चीत टेकत म्हणाले, "उन्हानं पार भाजून निघालो बघा."

केरबा म्हणाला, "बघतो."

आणि शेठच्या पोटात काडी टोचली. ओली निघाली.

ओव्हन पडला लहान. पण परसात पत्र्याची खोली होती, भर उन्हात तापलेली. केरबानं शेठना हाताला धरून अदबीनं तिथं नेलं आणि बाहेरून कडी घातली.

शेवंता बशा घेऊन आली. "शेठ आले का?"

"आलेत. पण कच्चे आहेत. आत ठेवलेत."

आतून पत्रा धडाधड वाजायला लागला. शेवंता बशा टाकून कडीकडे धावली. केरबा आडवा झाला.

"मधेच उघडू नकोस गं," तो म्हणाला. "काय छान फुगलेत. खाली बसतील."