धुरपदा सुईणीचा श्वास

ऐका मंडळी, बोरवंडी गावात अजून घड्याळ आलं नव्हतं तेव्हाची ही गोष्ट. ओढ्यापलीकडच्या वस्तीत धुरपदा नावाची सुईण राहायची. अडलेली बाई तिची नुसती चाहूल लागली तरी मोकळी व्हायची, असं म्हणतात. गावातलं प्रत्येक मूल आधी तिच्या हातात यायचं आणि मग आईच्या.

पण तिला घरात घ्यायचे ते मागच्या दारानं. बाळाची पाचवी पुजली की घर सारवून काढायचे, आणि तिथून पुढं तिनं त्या बाळाला शिवायचं नाही. तीच पोरं मोठी झाली की तिची सावली चुकवून जायची. तिला कुणी वाईट बोलत नसे. बाळंतपणाचं लुगडं, धान्य वेळेवर मिळे. रीत तशी होती, आणि रीत पाळणारी माणसं एरवी चांगलीच होती.

मग गावात शाळा निघाली. धुरपदेची नात गिरजा पाटी घेऊन हरखून गेली, आणि संध्याकाळी मान भाजून परत आली. वस्तीतल्या पोरांना बाहेर पायरीवर बसवलं होतं.

"आज्जे, फळा आत आहे. मला नुसता मास्तरांचा आवाज येतो," ती म्हणाली.

धुरपदा मास्तरांकडे गेली. ते म्हणाले, "माझं काही नाही गं, पाटलांना विचार." पाटील म्हणाले, "मी एकटा काय करणार? पुजारीबुवांना विचार." पुजारी म्हणाले, "शाळा माझी आहे का? मास्तरांना विचार." धुरपदा फिरून पुन्हा शाळेपाशी आली. पोरीला उन्हात बसवणारा माणूस कुठं सापडत नव्हता, आणि पोर तर उन्हात बसलेली होती.

बाजाराच्या दिवशी सगळं गाव शाळेपुढच्या मैदानात होतं. धुरपदा पायरीवर उभी राहिली. तिचा आवाज कधी कुणी मोठा ऐकला नव्हता.

"पाटील, तुम्ही पायाळू. निळे पडला होता. तुमच्या तोंडाला तोंड लावून मी माझा श्वास घातला, तेव्हा रडलात. मास्तर, तुमच्या गळ्याला नाळेचे दोन वेढे होते, ते या बोटांनी सोडवले. पुजारीबुवा, तुम्ही सातव्या महिन्यातले. चार दिवस तुम्हाला पोटाशी धरून ऊब दिली. पाचव्या दिवशी तुमच्या घरच्यांनी घर सारवलं."

एकेकाचं नाव घेत ती बोलत राहिली. मग म्हणाली, "दिलेला श्वास मी परत मागत नाही. माझ्या नातीला बाहेर कुणी बसवलं, एवढं सांगा. पण सांगताना दुसऱ्याचं नाव घेऊ नका."

असं म्हणतात, की त्या क्षणी वारा पडला. ज्यानं ज्यानं दुसऱ्याचं नाव घ्यायला तोंड उघडलं, त्याच्या तोंडून शब्द फुटेना. फुटला तो तान्ह्या बाळाचा टाहो. मिशीवाले बाप्ये रडले, म्हाताऱ्या रडल्या. बाजारात बांधलेल्या गाईंना तो आवाज ऐकून पान्हा सुटला, आणि मैदानातली माती दुधानं भिजली.

कुणालाच थांबता येईना. शेवटी मास्तर पायरीशी आले.

"मी बसवलं," ते कसेबसे म्हणाले. "मीच."

आणि त्यांच्या घशातला टाहो थांबला. त्यांनी गिरजेचा हात धरला आणि तिला आत नेऊन फळ्यासमोर बसवलं. मग पाटील म्हणाले, "मीही." मग तेली, मग सुतार, मग बायका. पुजारी मात्र देवळाचं दार लावून आत बसले. त्यांचा आवाज पुढं तीन वर्षं बसलेला होता, असं म्हणतात.

एका दिवसात सगळं बदललं असं मी सांगणार नाही. गावची विहीर वस्तीला खुली व्हायला आणखी दोन पिढ्या गेल्या. पण धुरपदा गेली, तेव्हा तिला खांदा कुणी द्यायचा यावरून गावात भांडण झालं, आणि ते भांडण मागं सरण्यासाठी नव्हतं.

आजही बोरवंडीत मूल जन्मलं की पहिलं झबलं विकत आणत नाहीत. बाळाची आत्या गावातल्या आणि वस्तीतल्या प्रत्येक घरी जाते, वीतभर जुनं कापड मागते, आणि सगळे तुकडे जोडून झबलं शिवते. त्याला धुरपदेचं झबलं म्हणतात. कुठला तुकडा कुठल्या घरचा, हे विचारायचं नाही. आणि एक जरी घर चुकून राहिलं असेल, तर आत्यानं शिवण उसवायची, त्या घरी जायचं, आणि मगच बाळाला ते घालायचं.