ओताऱ्याच्या अर्ध्या रीती

फार जुनी गोष्ट आहे. किती जुनी? तेव्हापासून राजे आले नि गेले, नदीनेही आपलं पात्र बदललं. तरी गोष्ट अजून सांगावी लागते. लहानांनी ती ऐकावी, आणि मोठ्यांनी जरा जास्तच कान देऊन ऐकावी, कारण हिच्यातला शहाणा माणूस मोठ्यांपैकीच आहे.

नदीकाठच्या एका गावात एक ओतारी राहत होता. घंटा ओतण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. कान असा तयार, की पलीकडच्या गावातल्या देवळात कुणी घंटा वाजवली तर तो बसल्या जागी सांगे, "कड पातळ झालीय, लवकरच चिरणार." आणि घंटा चिरायचीच. घंटांचं असं त्याला सगळं कळे. माणसांच्या आवाजाकडे मात्र त्याचं फारसं लक्ष नसे.

त्याची बायको स्पष्ट बोलणारी होती. आणि बकुळा नावाची एकुलती एक मुलगी होती, अगदी बापवेडी. संध्याकाळी गल्लीच्या टोकाला बापाची पावलं वाजली, की ती हातातला घास टाकून दाराकडे धावे. "बाबा आले! बाबांची पावलं!" गल्लीतून दिवसभर माणसं जात-येत, पण दुसऱ्या कुणाच्या पावलांना ती कधी फसली नाही. बाप घरात आला की त्याच्या धोतराला लोंबकळायची. "बाबा, बसा ना. बाबा, माझ्याशी बोला ना."

ओताऱ्याला याचा वैताग येई. "हिला खायला आहे, ल्यायला आहे, अंगावर कुणी बोट टेकवत नाही," तो बायकोला म्हणे. "तरी सदा किरकिर. ही पोर सुखी का नाही?"

"ती सुखीच आहे," बायको म्हणे. "तुम्ही दोन घटका बसलात, की झालं."

पण बसायला ओताऱ्याला वेळ कुठे होता? त्याच्या घंटांची कीर्ती गलबतांवर बसून सातासमुद्रापार गेली होती. युरोप नावाच्या मुलखात गावोगावी घंटेचे मनोरे असत, आणि तिथले लोक त्याला घंटा चढवायला बोलावत. तो जाई, काम संपवी, आणि गलबत निघेपर्यंत गावातून हिंडे. तिथली मुलं पाहून तो थक्क झाला. हसरी, शांत, आपल्यातच रमलेली. मुख्य म्हणजे, कुणी कुणाच्या धोतराला लोंबकळत नव्हतं.

"यांच्याकडे काहीतरी गुपित आहे," ओतारी मनाशी म्हणाला. "ते मी घरी नेणार."

पहिल्यांदा तो बर्फाच्या देशात गेला. तिथे कडाक्याच्या थंडीत लहान मुलं अंगणात पाळण्यांत झोपवलेली. लोकरीत गुंडाळलेली, नाकाचा शेंडा लाल, पण झोप गाढ. एक म्हातारी त्याला म्हणाली, "मोकळ्या हवेत झोपलेलं मूल खुटखुटीत राहतं, पाहुण्या. फार भीत नाही, फार रडत नाही."

ओताऱ्याने आणखीही एक गोष्ट पाहिली. अंगणाकडची खिडकी प्रत्येक घरात किलकिली होती, आणि तिच्याशी कुणीतरी बसलेलं होतं, बाळ कुशीवर वळलं तरी ऐकू यावं म्हणून. दिवस कलायच्या आत दुकानं बंद होत, बाप घरी येत आणि पाळण्याशी ठाण मांडून बसत. ओतारी मिशीत हसला. "भर दिवसा कामं सोडतात! आळशी लेकाचे." त्याने पाळण्याची रीत मनात बांधून घेतली, खिडकीची तिथेच ठेवली.

घरी येऊन त्याने बकुळेचं दुपारचं अंथरूण अंगणात घातलं आणि दार लावून घेतलं. पोर जागी झाली की हाका मारी. बायको उठली, की तो म्हणे, "बस खाली. रीत मोडू नकोस." बायको जीव मुठीत धरून बसे. काही दिवसांनी हाका थांबल्या. "बघ," ओतारी म्हणाला, "लागू पडली की नाही?"

पुढे तो द्राक्षांच्या देशात गेला. तिथे जेवणाच्या वेळी मुलं मोठ्यांच्या पंगतीत बसत. पानात पडेल ते खात, मोठे बोलत असले की थांबत, सगळ्यांचं होईपर्यंत उठत नसत. हट्ट नाही, सांडलवंड नाही. ओतारी खूष झाला. तिथले मोठेही उठत नसत, आणि जेवण चांगलं लांबे. आजोबा नातवाला विचारत, आज काय पाहिलंस? आणि उत्तर येईपर्यंत घास हातातच धरून थांबत. "जेवणात अर्धा दिवस घालवतात," ओतारी पुटपुटला. "यांच्या भट्ट्या पेटतात तरी केव्हा?"

घरी आल्यावर बकुळेला नवा नियम मिळाला. पाटावर सरळ बसायचं, बाबांचं जेवण होईपर्यंत उठायचं नाही, मध्ये बोलायचं नाही. पण ओतारी दुपारी जेवे भट्टीवर, आणि रात्री यायला त्याला उशीर होई. बकुळा समोरच्या रिकाम्या पाटाकडे बघत शहाण्यासारखी बसून राही. भात निवे, आमटी गार पडे, पण पोर उठत नसे.

एकदा हे बायकोला पाहवलं नाही. नवरा आल्याबरोबर तिने विचारलं, "अहो, ती तिकडची मोठी माणसं बसतात ना पोरांबरोबर?"

"बसतात. त्यांना दुसरा उद्योग नाही."

"म्हणजे अर्धीच रीत आणलीत तुम्ही. साच्यात गाभा न बसवता घंटा ओतता का हो कधी?"

कसा ओतेल? बाहेरच्या साच्याच्या आत मातीचा गाभा बसवायचा, आणि दोहोंच्या मधल्या फटीत धातूचा रस सोडायचा, हे त्याच्या भट्टीवरचं शेंबडं पोरही सांगे. गाभा नसला तर घंटेच्या जागी नुसता गोळा निघतो. दिसायला घंटेसारखा, पण कितीही बडवा, वाजायचा नाही. ओताऱ्याला हे सगळ्यांपेक्षा चांगलं ठाऊक होतं. म्हणूनच त्याला राग आला. "तू चुलीपाशी बघ," तो म्हणाला. घर म्हणजे काही भट्टी नव्हे, असं त्याला वाटलं. चांगल्या कारागिराला आपली अक्कल कामाच्या जागीच ठेवून यायची खोड असते.

बकुळा दहा वर्षांची झाली, तेव्हा तो कालव्यांच्या देशात गेला. तिथली रीत सगळ्यांत अजब. दिवेलागणीला मुलांचे डोळे बांधून त्यांना रानात नेत आणि सोडून देत. मुलं वाट शोधत, धडपडत घरी पोचत आणि राजा झाल्यासारखी मिरवत. "स्वतःच्या पायांवरचा विश्वास एकदा बसला की मूल जन्मभर सुखी," तिथला सुतार त्याला म्हणाला. तो सुतार आणि इतर आईबाप मुलांच्या मागे झाडांआडून, पावलं दाबत चालत होते. पोरांना ते दिसत नसत, पण मागे कुणीतरी आहे हे प्रत्येक पोराला ठाऊक असे. घरी शेकोटी पेटलेली असे, गरम सूप उकळत असे, आणि सगळी आळी वाट बघत असे.

"एवढे बाप्ये झाडाआड लपत हिंडतात," ओतारी म्हणाला. "रिकामटेकडे!"

तो परतला तेव्हा बायको भाचीच्या लग्नासाठी माहेरी गेली होती. घरात आडवं येणारं कुणी नव्हतं. राजाच्या देवळाची मोठी घंटा त्याच रात्री ओतायची होती. दिवेलागणीला त्याने बकुळेचे डोळे बांधले आणि तिला नदीपलीकडच्या रानात नेलं.

"बाबा, तुम्ही मागे असाल ना?" तिने विचारलं.

"वेडी आहेस का? आपली आपण ये. त्यातच मजा आहे." आणि तो तडक भट्टीवर गेला.

पोर आली, आपली आपण आली. काट्यांनी पाय सोलले, नदी ओलांडताना परकर कमरेपर्यंत भिजला, पण ती आली. घराला कुलूप होतं, आणि किल्ली बापाच्या कनवटीला. ती पायरीवर बसली.

घंटा उत्तम उतरली. उजाडता उजाडता ओतारी खुशीत घरी आला. पायरीवर बकुळा बसलेली दिसली. गल्लीच्या टोकाला त्याची पावलं वाजली होती, पण ती धावत आली नव्हती. ती रडली नाही, बोलली नाही. बापाला वाट द्यायला जरा बाजूला सरकली, एवढंच.

"शाबास!" ओतारी म्हणाला. "रडलीससुद्धा नाही!"

ती हसली. त्या दिवसापासून ती नेहमी तशीच हसे. "बसा ना" म्हणणं संपलं, लोंबकळणं संपलं. "काय गुणाची पोर, सदा हसतमुख," असं गाव म्हणू लागलं, आणि ओतारी मिशांना पीळ देऊन आपल्या प्रवासांच्या कथा सांगू लागला. लोक त्याच्याकडून रीती शिकून गेले. किती घरांत त्यानंतर नुसते गोळे ओतले गेले, देव जाणे. बायको मात्र आपल्या हसतमुख लेकीकडे पाहून पदराने डोळे पुसे. विचारलं तर चुलीचा धूर म्हणे.

वर्षं गेली. बकुळा लग्न होऊन नदीच्या खालच्या अंगाला एका गावात नांदायला गेली. ओताऱ्याची बायको वारली. हात कापू लागले, भट्टी विझली. सोन्यासारख्या घंटा देशोदेशी वाजत होत्या, आणि घरात भांडं पडलं तरी विचारायला कुणी नव्हतं. तेव्हा ओतारी काठी टेकत लेकीच्या दारी गेला.

बकुळेने त्याचं नीट केलं, त्यात बोट ठेवायला जागा नाही. ऊन पाणी दिलं, मऊ भात वाढला, उबदार पांघरूण दिलं. "काही लागलं तर सांगा, बाबा," ती हसून म्हणे. ओताऱ्याचा कान अजून तयार होता. त्या हसण्यात काहीच वाजत नाही, हे त्याला आता पहिल्यांदा ऐकू आलं.

मग तो लेकीचं घर पाहू लागला. तिची धाकटी अंगणात झोपे. बकुळा खिडकी किलकिली ठेवून तिथेच निवडण-टिपण घेऊन बसे. जेवायला सगळी एकत्र बसत. थोरला मुलगा दिवसभराच्या गमती सांगे, आणि त्याचा बाप घास हातात धरून ऐके. एका दिवेलागणीला मुलगा एकटा रानात निघाला, आणि बकुळा पावलं दाबत, झाडांआडून त्याच्या मागे गेली. दोघं परतली तेव्हा चूल पेटलेली होती.

"आई, मला ठाऊक होतं तू मागे आहेस!" मुलगा ओरडला. "मी तुझी पावलं ओळखली!" आणि बकुळा हसली. हे हसणं वेगळं होतं. खणखणीत होतं.

"पोरी," ओतारी म्हणाला, "खिडकी, पंगत, मागून चालणं... हे मी तुला कधीच सांगितलं नव्हतं. तू कुठे शिकलीस?"

"त्या रात्री पायरीवर," बकुळा म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर म्हाताऱ्याला बरं वाटलं असतं. "काय हवं होतं ते आठवत बसले होते. तेवढंच पोरांना देते."

मग म्हाताऱ्याने आयुष्यात पहिल्यांदा काहीतरी मागितलं. "उद्या मी जाऊ का त्याच्या मागे? सावकाश जाईन. तेवढं तरी करू दे मला."

"नको, बाबा."

"का गं?"

"अंधारात मागून चाललेलं माणूस ओळखीचं लागतं. तुमच्या पावलांना तो घाबरेल. त्याला ती ओळखू येत नाहीत." बकुळेने वात सारखी केली आणि तितक्याच शांतपणे म्हणाली, "मलाही आता येत नाहीत."



पुढे ओतारी बरीच वर्षं जगला. दिवेलागण झाली की तो अंगणात येरझारा घाली, टाचा जोरात आपटत, काठी ठोकत, आत कुणाला तरी ऐकू जावं म्हणून. कधी मुद्दाम फाटकाबाहेर जाई आणि पाय वाजवत परत येई. मग दाराशी थांबून तो कान देई. आत हसणं चाललेलं असे, गप्पा चाललेल्या असत. "बाबा आले" असं कुणी म्हणत नसे.

मुलांना सुखी करणाऱ्या रीती देशोदेशी मिळतात, पण त्यांतला मोठ्यांचा वाटा जो मागे ठेवून येतो, त्याची पावलं त्याच्याच घराला अनोळखी होतात.