एकच स्टॅम्पपेपर

"किती वेळा सांगितलंस त्याला?"

अभिनंदननं लॅपटॉपवरून मान वर केली नाही. "कुणाला, चाचा?"

"त्याला." चाचांनी प्रिंटरकडे बोट केलं.

"अकरा वेळा."

"मग?"

"ऐकत नाही."

"हं…"

बस्स, एवढंच. चाचांचं हे ‘हं’ गेल्या तीन महिन्यांत अभिनंदनच्या चांगलंच ओळखीचं झालं होतं. ते ऐकलं की त्याच्या नाकाला मिरच्या झोंबत.

तहसील कचेरीच्या समोर, दर्ग्याच्या भिंतीला टेकून एक पत्र्याचं छप्पर होतं. त्याखाली बसून इलाहीबक्ष मुजावर चाळीस वर्षं लोकांचे अर्ज, करारनामे आणि प्रतिज्ञापत्रं लिहीत आले होते. निम्मा तालुका त्यांना चाचा म्हणायचा, उरलेला निम्मा त्यांना गुरू मानायचा. चाचांना स्वतःला दोन्हीचं सोयरसुतक नव्हतं.

अभिनंदन चौगुले पुण्यातली संगणकाची नोकरी सोडून त्यांच्या हाताखाली आला होता. कागद कसा लिहावा ते शिकायला आला होता खरा, पण आला होता शिकवायच्या तयारीनं. पहिल्याच आठवड्यात त्यानं चाचांचा टाइपरायटर बाजूला सरकवला आणि स्वतःचा लॅपटॉप मांडला. चाचांनी हरकत घेतली नाही. एकच अट घातली. आधी साध्या कागदावर रफ काढायची, ती ज्याची त्याला मोठ्यानं वाचून दाखवायची, आणि मगच स्टॅम्पपेपरला हात लावायचा.

"स्क्रीनवर दिसतंय की सगळं," अभिनंदन म्हणायचा. "रफ कशाला?"

आज त्यानं रफ काढली नव्हती.

"आणखी किती वेळ लागंल, बाळा?" बाकावरून मालनबाईंनी विचारलं. "जीपवाला हॉर्न वाजवाय लागलाय."

"झालंच, आक्का."

झालं काहीच नव्हतं.

मालन मगदूम जवळच्याच खेड्यातल्या. वय पंचेचाळीस. त्यांचा धाकटा भाऊ बाळगोंडा जिल्ह्याच्या गावी दवाखान्यात पडून होता, त्याच्या दोन्ही किडन्या कामातून गेल्या होत्या. मालनबाई आपली एक त्याला देणार होत्या. दवाखान्याची समिती आज तीन वाजता बसणार होती आणि तिच्यापुढं मालनबाईंचं प्रतिज्ञापत्र स्टॅम्पपेपरवर, नोटरीच्या शिक्क्यानिशी हवं होतं. समितीची पुढची बैठक पंधरा दिवसांनी. बाळगोंडाजवळ पंधरा दिवस आहेत, असं काही डॉक्टर म्हणत नव्हते.

स्टॅम्पपेपर एकच होता. मालनबाईंच्या नावावर सकाळी घेतलेला, वेंडरकडचा शेवटचा. तो देऊन वेंडर दाराला कुलूप घालून लग्नाला निघून गेला होता. पलीकडच्या टपरीतले नोटरी एकच्या ठोक्याला उठत. घड्याळात साडेबारा वाजून गेले होते.

आणि तो एकुलता एक कागद प्रिंटरच्या पाठीमागच्या खाचेत उभा करून अभिनंदन अर्ध्या तासापासून घाम गाळत होता.

"चाचा, सगळं करून बघितलं. लॅपटॉप बंद करून चालू केला. प्रिंटर बंद करून चालू केला. सगळी सेटिंगं तपासली. तरी हे एकच पालुपद लावून बसलंय. ऑफलाइन."

"म्हणजे?"

"म्हणजे लॅपटॉपच्या लेखी प्रिंटर जागेवरच नाही."

चाचांनी प्रिंटरच्या पाठीवर हात ठेवला. "जागेवर तर आहे."

"तसं नव्हे हो…"

"वायर बघितलीस?"

"वायर मी सगळ्यात आधी बघितली!" अभिनंदनचा आवाज चढला. संगणक कोळून प्यायलेल्या माणसाला वायर बघितलीस का म्हणून विचारायचं म्हणजे काय! वायर त्यानं बघितली होती हे खरंच. लॅपटॉपच्या टोकाची.

चाचांनी वायरीचा नाद सोडला.

"आणि ते अकरा हुकूम? ते कुठं गेले?"

"कुठं जाणार, चाचा! पोचलेच नाहीत."

"पोचले नाहीत… म्हणजे मेले का?"

रस्त्यावर जीपचा हॉर्न पुन्हा वाजला. मालनबाई उठून उभ्या राहिल्या, पुन्हा बसल्या. त्यांच्या मांडीवरच्या पिशवीत भावाचे रिपोर्ट होते आणि ती पिशवी त्यांनी दोन्ही हातांनी आवळून धरली होती. अभिनंदनला ते बघवेना. त्यानं रागारागानं प्रिंटर स्वतःकडे ओढला आणि पाठीमागं हात घातला.

बोटाला वायरीची पिन लागली. प्रिंटरच्या टोकाची, चौकोनी. ती अर्धीच आत होती. सकाळी टेबल सरकवताना ओढ बसली असणार.

त्यानं ती दाबली. टक्.

हिरवा दिवा लागला.

"झालं! चाचा, झालं! चालू झालं!"

"रांगेत पुढं कोण उभं आहे?" चाचांनी विचारलं.

अभिनंदननं गर्रकन स्क्रीनकडे बघितलं.

अकरा हुकूम मेलेले नव्हते. ते आत थांबले होते, एकामागं एक, ज्या क्रमानं सोडले त्याच क्रमानं. आणि पहिले दोन… पहिले दोन त्यानं चुका दुरुस्त करायच्या आधीच सोडले होते. जुन्या कुणाच्या तरी प्रतिज्ञापत्रावर मालनबाईंचं नाव चढवून घाईघाईनं केलेला मसुदा होता तो. चुका त्याच्या मागाहून ध्यानात आल्या, त्या त्यानं दुरुस्त केल्या आणि पुढचे नऊ हुकूम सोडले. पण पुढं उभे होते ते पहिले दोन.

रद्द करायला त्याचा हात लॅपटॉपकडे गेला, पण बोटांना बटण सापडेना.

प्रिंटर घुरघुरला. आतली चाकं फिरली. स्टॅम्पपेपर बोटभर खाली सरकला…

चाचांचा हात पुढं आला आणि त्यांनी कागद उपसून काढला.

चाकं रिकामीच फिरली. घरघर थांबली. हिरव्याच्या जागी नारिंगी दिवा लुकलुकू लागला.

चाचांनी कागद उजेडाकडे धरून बघितला. वरच्या कडेला चाकाची एक पुसट खूण उमटली होती, बाकी कागद कोरा होता. सत्तरी गाठलेल्या त्या माणसाचा श्वास लागला होता.

"रद्द करतो सगळे," अभिनंदन कसाबसा म्हणाला.

"नको. येऊ देत बाहेर." चाचांनी साध्या कागदांची चवड खाचेत ठेवली. "काय हुकूम सोडले होतेस, बघू तरी."

पानं येऊ लागली. पहिलं पान चाचांनी उचललं आणि मालनबाईंकडे वळून वाचलं. "मी, मालन मगदूम, वय चोपन्न, माझी एक किडनी माझा भाऊ दिलीप यास…"

"दिलीप कोन?" मालनबाई गोंधळल्या. "माझ्या भावाचं नाव बाळगोंडा हाय."

अभिनंदन खाली बघत राहिला. एवढी लाज त्याला आयुष्यात वाटली नव्हती. हे पान स्टॅम्पपेपरवर उतरलं असतं तर बाळगोंडाचे पंधरा दिवस गेले असते. म्हणजे अर्ध्या तासापासून ज्या यंत्राला तो मनातल्या मनात शिव्या घालत होता, त्यानं न ऐकून त्या बाईचा कागद राखला होता.

अकरावं पान आलं आणि प्रिंटर गप्प झाला. पावणेएकला दोन मिनिटं कमी होती.

"हे शेवटचं बरोबर आहे, चाचा. हेच घेऊ. उशीर होतोय."

"वाचून दाखव त्यांना."

"चाचा, नोटरी उठतील…"

"वाच."

अभिनंदननं वाचायला घेतलं. नाव बरोबर होतं, वय बरोबर होतं, भावाचं नाव बरोबर होतं. मालनबाई एकेका वाक्याला मान हलवत होत्या. तो भराभर वाचत शेवटाकडे आला. "…सदर शस्त्रक्रियेबाबत माझ्या मनात कोणतीही भीती नाही…"

"हे नगो."

"काय?"

"हे नगो लिवू."

"आक्का, हा ठरलेला मजकूर असतो. सगळ्यांचा असाच असतो. वाचत कोण बसतंय!"

"भीती वाटती की मला," मालनबाई म्हणाल्या. "आठ दिस झोप न्हाई. डोळा लागला की टेबलावर झोपवल्यागत हुतंय. भीती न्हाई म्हनून कसं सांगू? पर द्यायची हाय. त्यात बदल न्हाई."

"पण असं लिहिलं तर समितीला वाटेल, कुणीतरी जबरदस्ती केलीय! परत पाठवतील कागद!"

"मग शपथेवर खोटं बोलू व्हय? भावाच्या जिवाच्या कामात?"

अभिनंदननं चाचांकडे बघितलं. चाचांनी चार समजुतीच्या गोष्टी सांगाव्यात, बाई त्यांचं ऐकतील, असं त्याला मनापासून वाटत होतं.

"माझ्याकडं काय बघतोस?" चाचा म्हणाले. "किडनी माझी नाही."

बाहेर हॉर्न वाजला, या खेपेला लांबलचक.

अभिनंदननं ते वाक्य खोडलं. मालनबाईंकडे बघितलं. त्या सांगत गेल्या तसं त्यानं लिहिलं. ‘मला भीती वाटते. तरीही मी राजीखुशीने माझी एक किडनी माझ्या भावास देत आहे.’ साध्या कागदावर एक प्रत काढली, पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत मोठ्यानं वाचली. मालनबाई म्हणाल्या, "आता बरं हाय."

एकला बारा मिनिटं होती.

"चाचा…" तो हळूच म्हणाला. "समितीनं हरकत घेतली तर? दुसरा कागद नाही आपल्याकडं."

"नाही."

"मग?"

चाचांनी स्टॅम्पपेपर त्याच्या हातात दिला नाही. तो त्यांनी मालनबाईंपुढं धरला. बाईंनी दोन्ही हात पदराला पुसले, कागद घेतला आणि चाचांनी दाखवली तशी बाजू करून खाचेत उभा केला.

अभिनंदननं रांग तपासली. रिकामी होती. तरी पुन्हा तपासली. पिन दोन्ही टोकांना दाबून बघितली. नाव, वय, भावाचं नाव, सगळं पुन्हा वाचलं. मग बोट बटणावर नेलं आणि ते तिथंच थांबलं. हजारो पानं त्यानं आजवर अशीच छापली होती, पण असं कधी झालं नव्हतं. मागं उभ्या बाईकडे बघायची त्याची छाती होईना.

"चाचा, हात थरथरतोय माझा."

चाचांनी त्याच्या हाताकडे बघितलं. बराच वेळ बघितलं.

"आता दाब."

प्रिंटर घुरघुरला. कागद आत गेला. तिघंही उभी राहून बघत होती. पहिली ओळ बाहेर आली, मग दुसरी, मग बाकीच्या. अक्षर न् अक्षर जागच्या जागी होतं.

मालनबाईंनी सही केली, एकेक अक्षर जपून. नोटरींनी टोपी डोक्यावर चढवली होती, ती काढून शिक्का मारला. जीप धुरळा उडवत गेली.

त्यानंतर अभिनंदनचा जीव कशातच लागेना. जेवणाचा डबा त्यानं उघडला नाही. तीन वाजले, साडेतीन वाजले, चार वाजले. ते वाक्य आपण लिहायला नको होतं, असं त्याला दहादा वाटलं आणि दहादा वाटलं की लिहिलं तेच बरं. चाचा नमाज पढून आले आणि कुणाच्या तरी वारसाच्या अर्जात डोकं घालून बसले.

साडेचारला फोन वाजला. मालनबाईंचा होता.

"मंजूर झालं बघ, बाळा! त्या डॉक्टरीणबाईंनी ती वळ दोनदा वाचली. मग पेन खाली ठिवलं, मला बसाय खुर्ची दिली, आन् म्हनल्या, सांगा, कशाची भीती वाटती…" इकडे अभिनंदनच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यानं ते लपवलं नाही.

त्यानं फोन ठेवला आणि चाचांना सगळं सांगितलं. चाचांनी डोळे मिटले, ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटले आणि पुन्हा अर्जाकडे वळले.

अभिनंदनचा जीव भांड्यात पडला होता. अंगात नवं वारं शिरलं होतं. तेवढ्यात एक गृहस्थ घराच्या वाटणीचा करार करायला आले. त्यांच्या हातात कालच घेतलेला कोरा करकरीत स्टॅम्पपेपर होता.

"द्या इकडं," अभिनंदननं तो जवळजवळ ओढूनच घेतला. "चाचा, रफ काढतो, वाचून दाखवतो, रांग बघतो, पिन बघतो. सगळं ध्यानात आलंय माझ्या. आता मला कसलीच भीती नाही!"

चाचांनी चष्मा काढला. त्याच्या हाताकडे बघितलं. हात अगदी स्थिर होता…

त्यांनी त्याच्या बोटांतून तो कागद अलगद काढून घेतला.

"मग हा कागद मी भरतो."