पर्वताने थांबवलेला ढग

फार जुनी गोष्ट. पार उत्तरेला, जिथे उन्हाळ्यात सूर्य मावळायचं विसरतो, तिथे एक पर्वत आणि त्याच्या कुशीतून समुद्राकडे सरकणारी निळसर हिमनदी शेजारी राहत. पर्वताला आपल्या काळ्याभोर कड्यांचा भारी अभिमान. बर्फाने तोंड झाकलं जातं म्हणून तो येणाऱ्या ढगांना हाकलून द्यायचा. हिमनदीला बर्फ मिळायचा तो मात्र या ढगांकडूनच. ती वर्षागणिक रोडावत चालली होती.

एकदा एक सील नवजात पिल्लाला घेऊन धापा टाकत आली. मागे शिकारी देवमासे लागले होते. "पर्वतदादा, पिल्लाला टेकायला जागा द्या हो!"

"चढ की वर," पर्वत म्हणाला. त्या उभ्या कड्यावर ती कशी चढणार?

तेवढ्यात कडाडकन आवाज झाला. हिमनदीने आपल्या अंगाचा मोठा तुकडा तोडून पाण्यात सोडला होता. "ये बाई, बस यावर." सील पिल्लासकट वर चढली. देवमासे घिरट्या घालून निघून गेले.

"अगं वेडे," पर्वत कळवळला, "आधीच तू अर्धी उरलीस, त्यात हे!"

"पिल्लू लहान आहे रे," एवढंच ती म्हणाली.

मग एक ढग जाताना दिसला, तशी पर्वताने हाक मारली, "थांब रे बाबा!"

"तोंड झाकलं जाईल हं तुझं," ढग हसला.

"जाऊ दे," पर्वत म्हणाला. "ते बघायला हिमनदी तरी उरली पाहिजे."