उमरावाने न दिलेलं मत

फार फार जुनी गोष्ट. समुद्राने वेढलेल्या एका थंडगार बेटावर एक राज्य होतं. राजा होता, पण कायदे ठरत ते उमरावांच्या सभेत, हात वर करून.

त्या सभेत एक उमराव बसे. त्याचा मुलूख म्हणजे नुसती दलदल. दरवर्षी तापाची साथ येई आणि माणसं नेई. साचलेलं पाणी काढायला कालवा हवा, म्हणून उमराव कित्येक वर्षं सभेत भांडत होता. एक म्हातारा सरदार त्याला आडवा येई. कालवा सरदाराच्या मुलखातून समुद्राकडे जाणार होता. "माझी शेतं बुडतील," तो म्हणे.

अखेर निकालाचा दिवस उजाडला. सभा भरता भरता सरदाराकडे स्वार आला. सरदाराची लेक बाळंतपणात अत्यवस्थ होती. म्हातारा उठला, पुन्हा बसला. आज एकेक मत मोलाचं होतं.

उमराव त्याच्यापाशी गेला. "तुम्ही निघा. तुमचं मत नाही, तर माझंही नाही. शब्द देतो."

म्हाताऱ्याने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं आणि घोडा मागवला.

हात वर झाले. दोन्हीकडची मतं सारखीच भरली! बरोबरी झाली की ठराव पडे, अशी तिथली रीत.

राजाचा प्रधान कालव्याच्या बाजूचा होता. तो धावत आला. "अहो, हात वर करा! उद्या तुम्हाला मंत्री करतो. म्हातारा तर गेला. शब्द ऐकलाय कुणी?"

"ज्याला दिला, त्याने ऐकलाय," उमराव म्हणाला. त्याने हात वर केला नाही.

ठराव पडला. मंत्रिपद दुसऱ्याला गेलं. त्या वर्षी पुन्हा साथ आली. एक म्हातारी उमरावाला म्हणाली, "तुमचा शब्द राहिला, सरकार. माझा नातू राहिला नाही." उमराव मान खाली घालून उभा राहिला. त्या रात्री तो जेवला नाही.

पुढच्या सभेत त्याने तोच ठराव पुन्हा मांडला. "खालची शेतं बुडणार नाहीत, तसे बांध मी घालीन," तो म्हणाला. विरोधक हसले.

तेवढ्यात म्हातारा सरदार उठला. त्याची लेक वाचली नव्हती, पण बापाचा हात हातात घेऊन गेली होती.

"कालवा मला आजही आवडत नाही," तो म्हणाला. "पण शेतं बुडणार नाहीत असं हा माणूस म्हणतोय ना? मग नाही बुडणार."

त्याने हात वर केला. त्याच्यामागे त्याच्या बाजूचे कितीतरी हात वर झाले. कालवा खणला गेला, दलदल आटली, ताप हटला. उमराव मंत्री मात्र कधीच झाला नाही.

ध्यानात ठेवावं ते इतकंच: शब्द पाळणाऱ्याला किंमत मोजावी लागते, पण विरोधकाचाही विश्वास मिळतो तो त्यालाच.