सरकीची तेजी आणि राहीची म्हैस

राजवाड्यातली बासुंदी बंद झाली! बोंडगडचे तुळाजीराजे भरल्या ताटावरून उठले. राज्यातल्या म्हशी आटत चालल्या आहेत असं लोक कधीपासून सांगत होते, पण बासुंदी गेल्याशिवाय या राजाच्या कानात काही शिरत नसे.

बरं, कारणही त्यानंच करून ठेवलेलं. बोंडगड म्हणजे कापसाचा मुलूख. बोंडातून रुई निघाली की मागे उरते ती सरकी. ती म्हशीला घालायची आणि म्हशीनं दूध द्यायचं, इतका साधा व्यवहार. पण साधं काही सुरळीत चाललं की दरबारातल्या एखाद्या शहाण्याला खाज सुटतेच. इथं ती त्र्यंबकपंतांना सुटली. स्वतःला ‘जगद्भावपंडित’ म्हणवून घेणारा हा गृहस्थ गच्चीवर बसून सातासमुद्रापारचा बाजार बघायचा! कसा बघायचा ते त्यालाच ठाऊक.

“महाराज, परदेशात गुरं वाढलीत. सरकीला तुफान मागणी येणार! कल चढता आहे. साठवा!”

राजानं गावोगावची सरकी, ओली-सुकी न बघता, कोठारात कोंबली आणि कुलूप ठोकलं. रोज सकाळी दवंडी पिटली जाऊ लागली, “जो थांबेल तो कमावेल हो!” परदेशात भाव चढला की पंत म्हणायचे, “बघा, सांगितलं होतं!” पडला की म्हणायचे, “उडी मारण्याआधी माणूस खाली वाकतोच की!” राजा दोन्ही वेळा मान डोलवायचा. मान डोलवायला लागतं तेवढंच डोकं त्याच्याजवळ होतं.

वाड्यावर रतीब घालणाऱ्या राही गवळणीला बोलावणं गेलं.

“दूध कुठं आहे?” राजा गरजला.

“कोठारात, महाराज.”

“दूध? कोठारात?”

“सरकी तिथं, तं दूधबी तिथंच! माही म्हैस रिकामं घमेलं हुंगते अन् पान्हा चोरते. खाणं पुढं आल्याबिगर थेंब सोडत नाही.”

“ऐका, ऐका!” पंत फिसकन हसले. “हिच्या म्हशीसाठी आता जगाचा बाजार थांबवायचा! महाराज, उद्या हिनं चौकात सर्वांसमोर चरवीभर दूध काढावं. सरकीच्या दाण्याला हात लावायचा नाही. कुणाकडे मागायचीही नाही. नाही जमलं, तर म्हैस सरकारजमा!”

“वा! ठरलं!” राजानं मान डोलवली.

नवरा गेल्यापासून त्या एकाच म्हशीवर राहीचं घर चालत होतं. ती गेली तर चूलही गेली. पण रडायचं तरी कुणापुढं? समोर माणसं असती तर गोष्ट वेगळी. ती “बरं” म्हणाली आणि निघून गेली.

दुसऱ्या दिवशी चौक माणसांनी भरला. राहीनं म्हैस आणली आणि कोठाराच्या अगदी दारात बांधली. “सावली हाय इथं,” ती म्हणाली. मग चरवी घेऊन बसली. म्हशीनं इकडंतिकडं हुंगलं, पंतांकडे एकदा पाहिलं आणि शेपटी झटकली. दूध काही आलं नाही.

“काढ की!” राजा खेकसला.

“दूध हाय महाराज, कासेत गच्च हाय. पण म्हैस आज द्यायले तयार नाही. भाव चढू द्या म्हणते.”

“म्हशीला काय कळतो भाव!”

“पंतांची दवंडी रोज आयकते ना! जो थांबन तो कमावन!”

लोक तोंडाला पदर लावून, उपरणं लावून हसले. पंत लालेलाल झाले.

“मूर्ख बाई! दूध अडवलं तर आटतं! सरकीचं तसं नाही. ती ठेवली की वाढते!”

“हो काय? मंग ते वाढलेली सरकी लोकायले दाखवा तरी! मले मागाची बंदी हाय. पाहाची तं नाही ना, बाप्पा?”

मिरवायची संधी आली की राजा हुरळायचाच. त्यानं कुलूप उघडायला लावलं. आतून असा भपकारा आला की पुढची रांग मागं सरकली. राजानं ढिगात कोपरापर्यंत हात घातला आणि “आई गं!” करून बाहेर ओढला. ओली सरकी दाबून ठेवली की आतून तापते, बुरसते. हे अख्ख्या मुलखाला माहीत होतं, फक्त गच्चीवर कुणी कळवलं नव्हतं.

“पंत! ही भाजतेय!”

“हीच ती तेजी, महाराज! माल गरम होतोय!”

“आणि हा कुबट वास?”

“तो... तो परदेशी वास आहे!”

राजानं डोळे वटारले तसा पंतांना घाम फुटला. “मधली सोडा, कडेची बघा! कडेची सोन्यासारखी आहे!” असं म्हणत त्यांनी कडेची कोरडी सरकी टोपलीत भरली आणि राजाला उजेडात दाखवायला धावत दारात आणली.

दारात म्हैस होती!

तिनं टोपलीत तोंड खुपसलं. पंत टोपली ओढताहेत, “हट! हट!” ओरडताहेत, आणि म्हैस त्यांना टोपलीसकट ओढत खातेय! तेवढ्यात राही खाली बसली. म्हशीनं पान्हा सोडला, चरवीत धारा वाजू लागल्या. टोपली रिकामी झाली तेव्हा चरवीवर फेस आला होता.

“फसवणूक!” पंत किंचाळले. “हिच्या म्हशीनं सरकी खाल्ली!”

“खाल्ली ना! पण म्या दाण्याले हात लावला नाही, कोणाले मागितली नाही. पंतांनी सोताच्या हातानं चारली! काऊन जी पंत, भाव चढल्यावर चारली का आधीच?”

राजानं चरवीकडे पाहिलं, मग पंतांच्या दाढीत अडकलेल्या सरकीकडे पाहिलं, आणि तो जो हसत सुटला, तो पोट धरून खाली बसला.

“चांगली सरकी आजच वाटून टाका! राहीच्या म्हशीचं खाणं कायमचं वाड्यातून! आणखी माग, राही!”

“मंग या पंतांले माह्या गोठ्यात कामाले धाडा, महाराज! जगाचा कल राहू द्या. धार काढताना म्हशीची लाथ कवा येणार, तेवढं आधी सांगतीन तं मले पुरे!”

राजा पुन्हा हसायला लागला. हसता हसताच त्यानं पंतांच्या हातात चरवी दिली आणि गोठ्याकडे बोट दाखवलं.